मेरूचे माप

मेरू पर्वत कुठेही नाही. तरीही जमिनीशी त्याचा व्यास किती, असे विचारले तर जैन लोकवर्णनाचे ग्रंथ बिनदिक्कत सांगतात: १०,००० योजने. माथ्यावर १,००० योजने, जमिनीच्या वर उंची ९९,००० योजने, आणि जमिनीच्या पोटात आणखी १,००० योजने. पुराणांनीही मेरूला आकडे दिलेच आहेत. विष्णुपुराणातला मेरू ८४,००० योजने उंच आणि १६,००० योजने जमिनीत रुतलेला. पण तो बुंध्याशी १६,००० योजने आणि माथ्यावर त्याच्या दुप्पट रुंद, म्हणजे कमळाच्या कर्णिकेसारखा वर फुलत जाणारा. एकाच नावाचा पर्वत एका परंपरेत वर निमुळता आणि दुसरीत वर पसरट, एवढ्यावरूनच कोणी तो पाहिलेला नव्हता हे उघड होते. तेवढे सांगून हा विषय हसण्यावारी नेता येईल. पण जैन ग्रंथ आणखी एक आकडा देतात, आणि तिथे थांबावे लागते. जमिनीखाली अगदी तळाशी मेरूचा व्यास १०,०९० योजने आणि वर दहा-अकरांश योजन. हा अकरांश आला कुठून? जमिनीपासून माथ्यापर्यंत ९९,००० योजने चढताना व्यास ९,००० योजनांनी घटतो. म्हणजे अकरा योजने चढले की एक योजन कमी. हाच उतार जमिनीखाली हजार योजने चालू ठेवला तर व्यास हजार भागिले अकरा, म्हणजे ९० पूर्णांक दहा-अकरांशाने वाढतो. दिव्यदृष्टीला अपूर्णांक दिसल्याचे कोणी कधी सांगितलेले नाही. हा आकडा कोणीतरी बसून, भागाकार करून काढलेला आहे.

पुढे तर शिस्त आणखी कडक होते. जमिनीपासून ५०० योजनांवर मेरूभोवती नंदनवन आहे. वनाला जागा हवी म्हणून तिथे पर्वत चहूबाजूंनी ५०० योजने आत सरतो, म्हणजे व्यासातून एकदम १,००० योजने जातात. आता उताराचे गणित बिघडले. म्हणून ग्रंथकार सांगतात की त्यापुढे ११,००० योजने पर्वत सरळ भिंतीसारखा उभा आहे. अकराला एक या हिशेबाने ११,००० योजनांत जितकी घट व्हायची तितकी वनाने आधीच उचलली. भिंतीने ती फेडून दिली. नसलेल्या डोंगरावरच्या, नसलेल्या बागेसाठी, नसलेल्या उताराचा जमाखर्च कोणीतरी पैन्‌ पै जुळवून ठेवला आहे.

हा उद्योग वाया गेलेला नाही, असे मला म्हणायचे आहे. त्यात आधुनिक विज्ञान दडले होते असे मात्र म्हणायचे नाही. त्या दाव्याकडे नंतर येऊ. माझे म्हणणे साधे आहे. कल्पनेतल्या वस्तूला माप दिले की ती कल्पकाच्या हातात राहत नाही. तिला शब्द पाळावा लागतो. ‘मेरू अतिविशाल आहे’ या वाक्याशी वाद घालता येत नाही. ‘मेरू अकराला एक या प्रमाणात निमुळता होतो’ या वाक्याशी घालता येतो. भारतात मेरू खोडून निघाला त्याचे बरेचसे श्रेय त्याला मोजणाऱ्यांकडे जाते. खोडून काढणाऱ्यांच्या हाती धरायला काहीतरी पक्के होते ते त्यांनीच ठेवले होते.

मेरू ज्याच्या मध्यभागी उभा आहे ते जंबुद्वीप म्हणजे एक लाख योजने व्यासाचे वर्तुळ. त्यात पूर्व-पश्चिम पट्ट्यांनी सात क्षेत्रे आणि त्यांना विभागणारे सहा पर्वत. दक्षिणेच्या टोकाला भरतक्षेत्र, म्हणजे आपण. प्रत्येक पट्टा आधीच्या दुप्पट, मध्यावर विदेह ६४ पट, मग उत्तरेकडे तशीच उतरती भाजणी: १, २, ४, ८, १६, ३२, ६४ आणि परत. बेरीज १९०. लाखाला १९० ने भागले की भरतक्षेत्राची रुंदी येते ५२६ योजने आणि सहा-एकोणिसांश. या वर्तुळाचा परीघ दिला आहे ३,१६,२२७ योजने, ३ कोस, १२८ धनुष्ये आणि साडेतेरा अंगुळांहून किंचित जास्त. व्यासाला दहाच्या वर्गमुळाने गुणून तो काढलेला आहे, हे पाहताच कळते. गंमत शेवटच्या अंगुळांत आहे. दहाचे वर्गमूळ काटेकोर घेतले तर अंगुळे तेराच्या किंचित खाली येतात. साडेतेराच्या वर येतात ती एका ठरावीक पद्धतीने: खालचे सर्वांत जवळचे पूर्ण वर्गमूळ घ्यायचे, उरलेल्या बाकीला त्याच्या दुपटीने भागायचे आणि ते त्यात मिळवायचे. म्हणजे अर्ध्या-पाऊण अंगुळाच्या चुकीवरून दीड हजार वर्षांपूर्वीच्या गणकाची रीत आज ओळखता येते.

आणि हा अंगुळापर्यंतचा परीघ मुळात दोन हजारांहून अधिक योजनांनी चुकलेला आहे. लाख योजने व्यासाच्या वर्तुळाचा खरा परीघ ३,१४,१५९ योजने. दहाचे वर्गमूळ ही पाईची ढोबळ किंमत आहे. ती घेऊन अंगुळे मोजणे म्हणजे दाराचे माप चुकवून कडीला पॉलिश करणे. इथे पहिला आक्षेप येतो आणि तो खरा आहे. आतून सुसंगत असणे आणि खरे असणे यांत फार अंतर आहे, आणि आकड्यांची बारकाई ते अंतर झाकून टाकते. शेवटचे अंगूळही सांगितले आहे म्हणजे कोणीतरी मोजले असणार, असे श्रद्धाळूला वाटते. पण हाच आक्षेप उलटाही वाचता येतो. परीघ ‘असंख्य योजने’ असता तर तो दोन हजार योजनांनी चुकला, हे म्हणण्याची सोयच नव्हती.

चूक पकडायला वर्तुळाच्या गणितात शिरण्याचीही गरज नाही. आदिलाबादमध्ये उभे राहून ती दिसते. या जिल्ह्यात जैनथ नावाचे मंडल गाव आहे. तिथले काळ्या दगडाचे मंदिर आज लक्ष्मीनारायणाचे म्हणून पुजले जाते. गावात मिळालेल्या परमार जगद्देवाच्या काळातल्या शिलालेखात त्याचा अधिकारी लोलार्क याची पत्नी पद्मावती हिने निंबादित्याचे, म्हणजे सूर्याचे, मंदिर बांधवल्याची नोंद आहे. जगद्देव हा कल्याणीच्या चालुक्य विक्रमादित्याचा आश्रित, म्हणजे काळ अकराव्या शतकाची अखेर ते बाराव्याची सुरुवात. दसऱ्यानंतरच्या काही दिवसांत उगवत्या सूर्याचे किरण मूर्तीच्या पायांवर पडतात, याचे परिसरात अप्रूप आहे. या अप्रुपामागचे कारण साधे आहे: सूर्य रोज एकाच जागी उगवत नाही. आदिलाबादच्या अक्षांशावर, म्हणजे सुमारे १९ अंश ४० कलांवर, तो डिसेंबरात पूर्वेच्या दक्षिणेला जवळजवळ २५ अंशांवर उगवतो आणि जूनमध्ये तितकाच उत्तरेला. देवळाचे दार एकाच दिशेला असते. सूर्य त्या दिशेवरून वर्षातून दोनदा जातो. जे किरण ऑक्टोबरच्या मध्यात पायांवर पडतात ते फेब्रुवारीच्या उत्तरार्धातही पडायला हवेत, मध्ये काही आडवे येत नसेल तर. कोणालाही जाऊन पाहता येईल.

आता हाच सूर्य जंबुद्वीपात नेऊन पाहू. जैन मांडणीत सूर्य मेरूभोवती आडव्या वर्तुळांत फिरतो. सूर्य दोन आहेत, समोरासमोर; म्हणून एका सूर्याची फेरी ६० मुहूर्तांत, म्हणजे दोन दिवसांत पुरी होते. त्याची १८४ मंडले, म्हणजे फिरण्याची वर्तुळे, आहेत. सूर्यबिंब ४८/६१ योजन, दोन मंडलांमध्ये दोन योजनांची मोकळी जागा, आणि सगळ्या पट्ट्याची रुंदी ५१० योजने आणि ४८/६१. पडताळा करून पाहा, बरोबर जुळते. सर्वांत आतल्या मंडलाचा व्यास ९९,६४० योजने. सूर्य तिथे असतो तेव्हा दिवस १८ मुहूर्तांचा. सर्वांत बाहेरच्याचा १,००,६६०. तेव्हा दिवस १२ मुहूर्तांचा. भरतक्षेत्र लाख योजनांच्या वर्तुळाच्या दक्षिण काठावर आहे, म्हणजे पाहणारा जवळपास सूर्याच्या वाटेवरच उभा आहे. हिवाळ्यात १२ मुहूर्तांच्या दिवसात सूर्य ६० पैकी १२, म्हणजे वर्तुळाचा पाचवा हिस्सा चालतो. उगवताना तो माध्यान्हीच्या जागेपासून दहाव्या हिश्शावर, ३६ अंशांवर असतो. शाळेतल्या भूमितीनुसार, वर्तुळावरच्या बिंदूतून अशा ठिकाणी काढलेली जीवा स्पर्शरेषेशी त्याच्या निम्मा कोन करते. स्पर्शरेषा इथे पूर्व दिशा, आणि जीवा झुकते मेरूच्या बाजूला. म्हणजे या विश्वात भर हिवाळ्यातही सूर्य पूर्वेच्या १८ अंश उत्तरेला उगवायला हवा. उन्हाळ्यात २७ अंश उत्तरेला. दक्षिणेला कधीच नाही. जैनथच्या पायऱ्यांवर डिसेंबरच्या पहाटे उभ्या राहिलेल्या माणसाला तो २५ अंश दक्षिणेला उगवताना दिसतो. फरक थोडाथोडका नाही, त्रेचाळीस अंशांचा आहे. दिवसाच्या लांबीचेही तसेच: १८ मुहूर्त म्हणजे १४ तास २४ मिनिटे, आणि आदिलाबादचा सर्वांत मोठा दिवस सव्वातेरा तासांच्या आसपास.

हे गणित कोणाची टर उडवण्यासाठी केलेले नाही. ते करता आले, हा मुद्दा आहे. त्यासाठी लागलेला प्रत्येक आकडा त्या ग्रंथांनीच दिला आहे. विश्वाचे असे चित्र फार कमी परंपरांनी काढले असेल, ज्यावर कंपास आणि कोनमापक ठेवून उत्तर काढावे आणि मग बाहेर येऊन आकाशाकडे पाहावे.

सूर्य दक्षिणेला कसा उगवतो, नेमका हाच प्रश्न जगद्देवानंतर एका पिढीने विचारला गेला. भास्कराचार्यांचा जन्म १११४ चा, सिद्धांतशिरोमणी ११५० चा. त्यातल्या गोलाध्यायाच्या भुवनकोश प्रकरणात ते मेरूवाल्यांना दोन गोष्टी विचारतात. रात्र जर सोन्याच्या पर्वताच्या आड सूर्य गेल्याने होते, तर सूर्याच्या आणि आमच्या मध्ये येणारा तो पर्वत दिसत का नाही? आणि मेरू उत्तरेला आहे हे तुम्हीच मानता, मग वर्षातले सहा महिने सूर्य पूर्वेच्या दक्षिणेला कसा उगवतो? दोन सूर्यांच्या मताला त्यांचे उत्तर वेगळे आहे: ध्रुवाभोवतीचा तारकासमूह एका अहोरात्रात एकच फेरा करताना दिसतो, मग सूर्यच दोन कशाला? पृथ्वी खाली खाली पडत आहे, या मतावर ते म्हणतात की मग वर फेकलेली वस्तू जमिनीवर परत यायलाच नको, कारण जड पृथ्वी तिच्याहून वेगाने खाली जाईल. हे शेवटचे उत्तर आजच्या भौतिकशास्त्राच्या परीक्षेत नापास होईल. पहिली दोन होणार नाहीत.

इथे कोणी म्हणेल की भास्कराचार्यांना मेरूचे माप लागलेच कुठे? पर्वत उत्तरेला आहे एवढे पुरले. बरोबर आहे, त्या दोन प्रश्नांपुरते. पण भुवनकोश तिथे संपत नाही. त्यातला जोरकस भाग मापाशी मापाची गाठ घालतो. एकाच रेखांशावरच्या दोन गावांच्या अक्षांशांत इतका फरक पडला की त्यांच्यातले अंतर इतके, तर ३६० अंशांना किती, या त्रैराशिकाने ते पृथ्वीचा परीघ काढतात: ४,९६७ योजने, व्यास १,५८१ योजने आणि वर एक-चोविसांश. ही रीत आजही चालते. नागपूर आदिलाबादच्या जवळजवळ उत्तरेला आहे. अक्षांशातला फरक सुमारे दीड अंश, उत्तर-दक्षिण अंतर सुमारे १६५ किलोमीटर. ३६० ला दीडने भागले की २४०, आणि २४० गुणिले १६५ म्हणजे ३९,६०० किलोमीटर. खऱ्या परिघाशी फरक शेकडा एकाच्या आसपास. यानंतर भास्कराचार्य म्हणतात की चंद्राच्या शिंगांचा कल, ग्रहांच्या युती, ग्रहणे, उदयास्त, सावल्या, हे सगळे याच परिघाने जुळते, दुसऱ्या कशाने नाही. म्हणून पुराणांतले कोट्यवधी योजनांचे माप खोटे. हा युक्तिवाद समोरच्याकडे आकडा असेल तरच उभा राहतो. पन्नास कोटी योजनांना ४,९६७ योजनांनी उत्तर देता येते. अथांगाला काय उत्तर देणार?

भास्कराचार्य तरी कुठे पुरते सुटले? त्यांनी मेरू टाकून दिला नाही. तो उत्तर ध्रुवावर नेऊन बसवला, देवांचे वसतिस्थान म्हणून. पुराणांतले दुधा-दह्याचे समुद्र आणि बाकीची द्वीपे गोलाच्या दक्षिणार्धात वाटून टाकली. तिकडे तेव्हा कोण जात होते? आपल्याकडच्या काही लेखकांना हे अडचणीचे वाटते आणि ते हा भाग गाळतात. मला तो सर्वांत बोलका वाटतो. ज्या गोष्टीला सावलीने, ग्रहणाने, दिवसाच्या लांबीने प्रश्न विचारता येत होता तिथे त्यांनी तडजोड केली नाही. जिथे विचारायला काहीच साधन नव्हते तिथे परंपरेला जागा दिली. दुधाच्या समुद्राला सावली पडत नाही. पुढे चाळीसगावजवळच्या पाटण इथे त्यांचा नातू चांगदेव याने सिद्धांतशिरोमणी आणि भास्करांचे इतर ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला. शके ११२८ मधला तिथला शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी १८६५ मध्ये प्रसिद्ध केला. त्याच्या शेवटी मठाला लावून दिलेल्या उत्पन्नाचा तपशील मराठीत आहे. खगोलाचा अभ्यासक्रम संस्कृतात आणि घाण्याच्या तेलाचा हिशेब मराठीत, ही वाटणी आपल्याकडे बरीच टिकली.

ती मोडली तीही मेरूवरूनच. भोपाळजवळच्या सिहोर इथे लान्सलॉट विल्किन्सन या इंग्रज अधिकाऱ्याच्या प्रोत्साहनाने सुबाजी बापू या पंडिताने १८३६ मध्ये ‘सिद्धांतशिरोमणिप्रकाश’ हे मराठी पुस्तक लिहिले. पुराणांतला भूगोल खोटा आणि सिद्धांतांतला खरा, असे त्यात उघड मांडले होते, भास्कराचार्यांच्या आधाराने. पुण्याहून यज्ञेश्वरशास्त्री यांनी १८३७ मध्ये ‘अविरोधप्रकाश’ लिहून उत्तर दिले: पुराणे आणि सिद्धांत यांच्यात विरोधच नाही. त्यावर सुबाजींचा प्रत्युत्तरग्रंथ त्याच वर्षी आला. (मराठीत छापील वादाचे वय तेव्हा जेमतेम पाच-सहा वर्षांचे होते, हे लक्षात घेतले तर हा वाद आपल्या वैचारिक गद्याच्या पहिल्या पानांवर असायला हवा.) विल्किन्सनने सिहोरला ज्यांना शिकवले त्यांतले एक बापूदेव शास्त्री; गोलाध्यायाचे विल्किन्सनचे इंग्रजी भाषांतर त्यांनीच तपासून १८६१ मध्ये बाहेर आणले.

अविरोधाची भूमिका सौम्य आणि समंजस वाटते. दोन्ही खरे, दोघांची क्षेत्रे वेगळी, कशाला भांडता. माझा मेरू मोजणाऱ्या जैन आचार्यांवर राग नाही. या समंजसपणावर आहे. कारण विरोध नाही असे दाखवायचे तर आकड्यांना ढिले करावे लागते. योजन वेगळे होते म्हणा, पर्वत सामान्य डोळ्यांना दिसत नाही म्हणा, वर्णन उपासनेसाठी आहे म्हणा. प्रत्येक वाटेने मेरू वाचतो आणि प्रत्येक वाटेने तो काही सांगेनासा होतो. अकराला एक हा उतार ज्याने काढला त्याला, हे सगळे प्रतीक आहे, असे सांगितले असते तर त्याला तो अपमान वाटला असता, असा माझा तर्क आहे. त्याने चूक केली, पण करण्याजोगी चूक केली.

यावर सर्वांत गंभीर आक्षेप वेगळ्या दिशेने येतो, आणि तो आदिलाबादमध्येच उभा आहे. विश्वाची कथा मोजली गेलीच पाहिजे हा आग्रह कशासाठी? राजगोंडांच्या कथेत देवांना गुहेत कोंडलेले असते आणि पहांदी कुपार लिंगल त्यांना सोडवतो. मग चार, पाच, सहा आणि सात भावांच्या ‘सगा’ शाखा होतात आणि कोणत्या शाखेने कोणाशी सोयरीक करायची हे त्यावरून ठरते. गोंडांचे भाट असलेले परधान किंगरी या तंतुवाद्यावर ही कथा गातात. मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ याने १९४० च्या दशकात ती इथेच ऐकून लिहून घेतली. ‘द राज गोंड्स ऑफ आदिलाबाद’ १९४८ मध्ये छापले गेले. या विश्वात गुहा किती योजने खोल आहे हे कोणी सांगत नाही, आणि सांगितले नाही म्हणून काही अडत नाही. पौष अमावस्येला केसलापूरला नागोबाची जत्रा भरते. त्याआधी गोंडांतली मेसराम घराणी हस्तिनामडुगूहून गोदावरीचे पाणी पायी घेऊन येतात. त्यांच्या विश्वाची लांबी-रुंदी पायाखालच्या वाटेत आणि सोयरिकीच्या जाळ्यात आहे. तिला चूक ठरवता येत नाही, कारण ती सूर्य कुठे उगवेल याबद्दल काही बोलतच नाही.

हा आक्षेप मला मान्य आहे, आणि तो माझ्या म्हणण्याच्या आड येत नाही. कथा माणसांची नाती ठरवत असेल तर तिची कसोटी माणसांत आहे: सोयरीक टिकते का, भांडण मिटते का, पाणी वेळेवर पोचते का. तिथे योजने मोजणे हा मूर्खपणा ठरेल. पण मेरूच्या कर्त्यांनी दिवस किती मुहूर्तांचा हे सांगितले, सूर्याचे बिंब केवढे हे सांगितले. त्यांनी आपण होऊन आकाशाबद्दल विधान केले. तसे विधान एकदा केल्यावर कोणी बोट ठेवताच ‘ही तर कथा आहे’ म्हणून मागे सरकणे, हा गोंडांच्या कथेचाही अवमान आहे. ती कथा अशी पळवाट काढत नाही. तिला काढावी लागत नाही.

राहिला अभिमानाचा आक्षेप, किंवा खरे तर अभिमानाचा मोह: एवढे गणित होते, म्हणजे त्यांना सगळे ठाऊक होते. याला उत्तर म्हणून जैन आचार्य वीरसेनांकडे जावे. त्यांची ‘धवला’ टीका ८१६ मध्ये पुरी झाली. मूडबिद्रीच्या ताडपत्रांतून ती बाहेर आली आणि १९३९ पासून तिचे खंड अमरावतीहून निघू लागले; संपादक तिथल्या किंग एडवर्ड कॉलेजातले प्राध्यापक हिरालाल जैन. चौथ्या खंडात लखनौचे गणिती अवधेश नारायण सिंह यांनी तिच्यातल्या गणितावर लिहिले. म्हणजे या विषयातला सर्वांत महत्त्वाचा आधुनिक दस्तऐवज आदिलाबादपासून काही तासांच्या अंतरावर, वऱ्हाडात छापला गेला. वीरसेनांपुढचा प्रश्न अख्ख्या लोकाच्या, म्हणजे विश्वाच्या आकाराचा होता. रज्जू या विश्वमापाने लोक १४ रज्जू उंच. तळाशी ७ रज्जू रुंद, मध्यावर १, वर ब्रह्मलोकाशी ५, आणि माथ्यावर पुन्हा १. परंपरेने घनफळ सांगितले होते ३४३ घनरज्जू, म्हणजे सातचा घन. पण या रुंद्या गोल मृदंगाचे व्यास समजायच्या, की सगळीकडे ७ रज्जू जाडी असलेल्या चौकोनी आकाराच्या? काही आचार्य गोल म्हणत. वीरसेनांच्या मते चौकोनी. तसा धरला तर खालचा भाग १९६, वरचा १४७, बेरीज बरोबर ३४३; दोन ओळींचे काम.

ते एवढ्यावर थांबले असते तर कोणी नाव ठेवले नसते. पण त्यांनी गोल आकाराचेही घनफळ काढले. खालचा छिन्न शंकू घेतला, मधून एक रज्जू व्यासाचा दंडगोल वेगळा केला, उरलेले कवच उभे चिरून उलगडले, त्याचे तुकडे पाडले, जे तुकडे सरळ आकाराचे होते त्यांचे घनफळ लिहिले, तिरपे उरले त्यांचे पुन्हा तुकडे केले. प्रत्येक फेरीत मिळणारे घनफळ आधीच्या फेरीच्या चौथ्या हिश्शाचे. हे न संपणारे आहे हे ओळखून त्यांनी त्या अनंत श्रेढीची बेरीज केली. परिघासाठी त्यांनी वापरलेल्या सूत्राच्या मुळाशी ३५५/११३ ही पाईची फार चांगली किंमत दिसते, जरी त्यात एक अनावश्यक भर आहे आणि त्यामुळे उत्तर थोडे फुगते. सगळा मृदंग मिळून आले १६४ पूर्णांक ३२८/१३५६ घनरज्जू; आजच्या सूत्राने ते १६१ च्या थोडे वर येते. ३४३ च्या निम्मेही नाही. म्हणून लोक गोल नाही, हा निकाल.

३४३ हा आकडा खरा हे त्यांनी गृहीत धरले होते, आणि त्याला परंपरेखेरीज आधार नव्हता. त्यामुळे विश्वाबद्दल त्यांना काही ठाऊक होते असे यातून सिद्ध होत नाही. त्यांच्या नावाने छाती फुगवणाऱ्यांनी हे आधी मान्य करावे. पण ज्या आकाराला ते खोटा मानत होते त्याच्यासाठी त्यांनी अनंत तुकडे केले, आणि खऱ्या मानलेल्या आकाराला दोन ओळी पुरल्या. प्रतिपक्षाचा मृदंग अज्ञानातून किंवा पाखंडातून आला आहे असे म्हणून सोडून देणे त्यांना सहज शक्य होते, आणि त्या काळच्या वादांत ते सर्रास चालत असे. त्याऐवजी त्यांनी तो मृदंग त्याच्याच मापांनी शेवटच्या तुकड्यापर्यंत चिरून पाहिला.